यरलव कसा काढायचा

सकाळचे सहा वाजून बावीस मिनिटं झाली होती आणि टिचकीबाईंनी तीनशेवा कप हातावेगळा केला होता. कप उचलायचा, डाव्या हाताच्या तीन बोटांवर तोलायचा, उजव्या हातातल्या पेन्सिलीएवढ्या लाकडी काडीने काठाखाली हलकी टिचकी द्यायची आणि ऐकायचं. चांगला कप 'टण्' असा वाजतो आणि त्याचा आवाज बोटांतून उतरून जाईपर्यंत टिकतो. आतून तडा गेलेला कप 'बद्' म्हणतो आणि गप्प बसतो. तडा डोळ्यांना दिसेलच असं नाही. भट्टीतून निघालेल्या मालावर तो केसापेक्षा बारीक असतो, आणि तोही चकाकीच्या खाली. म्हणून कारखान्याच्या तपासणीच्या खोलीत डोळ्यांपेक्षा कानाला मान होता, आणि तेवीस वर्षं तो कान टिचकीबाईंचा होता.

खोली लांबट होती. खिडक्यांना दुहेरी काचा, तिन्ही भिंतींना फळ्या, फळ्यांवर पांढरे कप. पलीकडच्या खोलीत भट्टीतला माल निवत ठेवलेला असे, आणि निवता निवता तो आपला आपणच किणकिणत असे, लांब कुठेतरी कोणी चमचे आवरत असावं तसा. नव्या माणसाला त्या आवाजाने पेंग येई. टिचकीबाई तर डोळे अर्धे मिटूनच काम करत. एका नव्या पर्यवेक्षकाने त्यांच्या नावापुढे 'कामावर झोपतात' असा शेरा मारला होता. खात्री करून घ्यावी म्हणून त्याने चांगल्या कपांत एक तडकलेला सरकवून ठेवला. बाईंनी तो वाजवला, डोळे न उघडता त्याच्याच हातात दिला आणि पुढचा उचलला. त्या दिवसापासून तो खोलीत पाऊल टाकताना आधी खाकरतो.

त्या सकाळी मात्र बाईंनी काही कप दोनदा वाजवले. समोरच्या फळीपाशी बसलेल्या बाईने भुवया उंचावल्या. तेवीस वर्षांत असं झालं नव्हतं.

कारण घरात होतं, साडेसहा वर्षांचं, आणि एका जागी ठरत नसे म्हणून त्याला भिंगरी म्हणत. भिंगरी ही बाईंच्या धाकट्या भावाची मुलगी. भाऊ बस चालवत होता, भावजय शिवणकामाच्या दुकानात होती, आणि चौघं दुसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांत राहत. आदल्या दिवशी भावजयीला शाळेत बोलावणं आलं होतं. तोवर घरात सगळ्यांची समजूत होती की भिंगरी फाडफाड वाचते. ती बत्तीस पानांचं पुस्तक उघडायची, पानावर बोट ठेवायची आणि पहिल्यापासून शेवटपर्यंत चालीत म्हणून दाखवायची. पाहुण्यांसमोर तिचा कार्यक्रम व्हायचा. वर्गाच्या बाईंनी तिला दुसराच एक कागद दिला. त्यावर मांजराचं चित्र होतं आणि खाली तीन ओळी. भिंगरीने चित्राकडे पाहिलं आणि पुस्तकातला मांजराचा धडा खणखणीत आवाजात म्हटला. तो आठ ओळींचा होता.

सत्र संपायला तीन आठवडे उरले होते. शेवटच्या बुधवारी प्रत्येक मुलाने न पाहिलेल्या कागदावरच्या चार ओळी वाचायच्या, आणि ज्याला जमणार नाही त्याने पुढच्या वर्षी पुन्हा त्याच वर्गात बसायचं, असा शाळेचा नियम होता.

"ती रेडिओ आहे," भाऊ म्हणाला. "रेडिओला कोणी वाचायला सांगतं का?"

भावजय हसली नाही. ती स्वतः लहानपणी पहिलीत दोन वर्षं बसली होती. दुसऱ्या वर्षी बाक तोच होता, फक्त गुडघे त्याच्यावर आपटायला लागले होते. ते ती विसरली असती. पण नवी मुलं तिला 'ताई' म्हणत, वर्गातल्याच मुलीला ताई, ते ती विसरली नव्हती.

बाईंची कारखान्यातली पाळी दोनला सुटायची आणि शाळा साडेबाराला, तेव्हा दुपारी घरात आत्या आणि भाची दोघीच असत. मधला दीड तास भिंगरी शेजारच्या काकूंकडे काढायची. त्या दुपारी तीनच्या सुमाराला टिचकीबाईंनी तिला पुस्तक घेऊन बसवलं. पडदा उन्हाने पिवळा झाला होता, खालच्या रस्त्यावर कोणी सावकाश सायकल ढकलत नेत होतं. भिंगरी म्हणू लागली आणि सवयीने बाईंचे डोळे मिटले. आवाज छान होता, चाल पक्की होती, कुठे खोट नव्हती. मग त्यांनी डोळे उघडून बोटाकडे पाहिलं. बोट ओळीच्या शेवटाला पोचलं होतं आणि तोंडात अजून दोन शब्द शिल्लक होते. पुढच्या ओळीला उलटं झालं, तोंड थांबलं आणि बोट आपलं रमतगमत चाललं होतं. भिंगरीला त्याचं काहीच वाटत नव्हतं. टिचकी एका कपाला आणि कान दुसऱ्या कपाला, असं बाईंच्या मनात आलं.

त्यांनी वही पुढे केली आणि अक्षरं काढायला सांगितली. क पासून म पर्यंत ती कशीबशी पोचली, ओठ हलवत, तीच चाल मनात धरून. मग पेन्सिल वर धरून थांबली.

"आत्या, यरलव कसा काढायचा?"

"आधी य काढ."

"य नाही. यरलव."

बाईंना समजायला क्षणभर वेळ लागला. भिंगरीच्या लेखी ते एकच अक्षर होतं. मोठं आणि अवघड, बहुधा वरच्या वर्गातल्या मुलांनाच येणारं. तिने ते पुस्तकात शोधलंही होतं. धड्याच्या शेवटी छापलेली छोटी वेलबुट्टी असते ना, तोच यरलव, असं तिने स्वतःपुरतं ठरवून टाकलं होतं. तिने पान उलटून ती वेलबुट्टी आत्याला दाखवली.

संध्याकाळी भावाला ठसका लागेपर्यंत हसू आलं. बाई हसल्या नाहीत. जे सुटं ऐकू येत नाही ते सुटं दिसणार कसं, एवढंच त्या म्हणाल्या, आणि भावाने टीव्हीचा आवाज कमी केला.

दुसऱ्या दिवशी त्यांनी पर्यवेक्षकाकडे आठ कप मागितले. तडा नसलेले, पण विक्रीला न जाणारे, ज्यांचा कान वाकडा बसलाय असे. त्याने ढिगाऱ्याकडे बोट दाखवलं. पाळी सुटल्यावर बाईंनी पाऊण तास घालवून त्यांतून आठ निवडले. एकाचा आवाज दुसऱ्यासारखा असता कामा नये, शेजारी ठेवले तर चढत जावेत, अशा हिशेबाने त्यांनी ते वाजवून वाजवून घेतले. घरी जमिनीवर पंचा पसरून ओळीने मांडले. भिंगरीने प्रत्येकाचा कान तपासला.

"कान वाकडा असला तरी ह्यांना ऐकू येतं?"

"ऐकायचं आपण. त्यांनी नुसतं बोलायचं."

पहिला दिवस यरलवचा होता. बाईंनी काडी भिंगरीच्या हातात दिली आणि नियम सांगितला, एका आवाजाला एक कप. भिंगरीने नेहमीच्या वेगाने 'यरलव' म्हटलं आणि एकाच कपाला टिचकी दिली. बाईंनी तेच सावकाश म्हटलं. मग आणखी सावकाश, इतकं की प्रत्येक आवाजाचं 'टण्' विरून जावं आणि मगच पुढचा यावा. तिसऱ्या वेळेला काडी पहिल्या कपावरून दुसऱ्यावर गेली, तिसऱ्यावर, चौथ्यावर. भिंगरीने चारही कपांकडे पाहिलं.

"चार आहेत?"

तिचा चेहरा पडला. तिचं एवढं मोठं अक्षर होतं आणि त्या जागी आता रोजच्या ओळखीतली चार बारकी उभी होती. मग तिने चौघांनाही एकेकदा वाजवून पाहिलं.

त्यानंतरच्या दुपारी एकसारख्याच होत्या. पडदा पिवळा, पंख्याचं एक पातं कुरकुरणारं, पंचावर आठ पांढरे कप. आधी नुसतं मोजायचं. खिडकी तीन कपांची, सायकल चारांची, भिंगरी स्वतः तीन. मग काढून टाकायचं. बाई पहिला कप उचलून मांडीवर ठेवत आणि विचारत, आता काय उरलं. पाऊसमधला पा काढला की ऊस उरला. बटाट्यातला ब काढला की उरलेले दोघे टाटा करून निघून गेले. दुकानातला दु उचलला तेव्हा भिंगरी एकदम कपांवर वाकली, कान लावून. दुकानात कान असतो हे तिला कोणी सांगितलंच नव्हतं. तिने ते त्याच संध्याकाळी आईला, बाबांना, शेजारच्या काकूंना आणि जिन्यात भेटलेल्या दूधवाल्याला सांगितलं. दूधवाला म्हणाला, भिंतींनाही असतात.

मग लांब आणि आखूड. टिचकी देऊन कप तसाच सोडला की आवाज रेंगाळतो, काठावर बोट ठेवलं की मिटतो. बोट ठेवून घ, न ठेवता घा. घर आणि घार यांच्यामधला फरक भिंगरीला तोवर पुस्तकातल्या चित्रावरून कळत होता. आता तो बोटाच्या टोकाला कळला. कधी कधी ती काडी खाली ठेवून रेंगाळणाऱ्या आवाजाकडेच बघत बसे, जणू तो खिडकीतून बाहेर जाताना दिसणार होता. बाई तिला घाई करत नसत. त्यांचेही डोळे मिटलेले असत.

एका दुपारी भावजय दुकानातून लवकर आली. दारातच थांबली.

"वन्सं, तीनातला एक आठवडा गेला. पोरीची वही कोरी आहे आणि तुम्ही जलतरंग मांडून बसलात."

बाईंनी भिंगरीला पाणी आणायला आत पाठवलं.

"वहीत काय काढेल ती? अक्षर म्हणून चित्रं काढेल. तिला शब्द अख्खाच ऐकू येतो गं, त्याचे तुकडे ऐकू येत नाहीत अजून."

"आणि आले नाहीत तर? बाकावर तुम्ही नाही बसणार. ती बसणार."

ठरलं ते असं की अर्धा तास कपांचा, अर्धा तास वहीचा. भावजयीने पिशवी खाली ठेवली, खडूने कापडावर खुणा करायची सवय असलेल्या हाताने कागदाच्या चौकोनी चिठ्ठ्या कापल्या आणि प्रत्येकीवर एकेक अक्षर काढलं. ती चिठ्ठी कपाखाली ठेवायची, टिचकी दिली की कप उचलून खाली कोण आहे ते बघायचं. ही कल्पना तिचीच. कपाने दोन्ही अर्धे तास एकच करून टाकले.

अडचण आली ती जोडाक्षरांशी. 'आत्या' या शब्दाला कप किती, यावर एक अख्खी दुपार गेली. भिंगरी म्हणाली दोन. मग त्या दुसऱ्या कपाला कान लावून म्हणाली की ह्याच्यात आणखी कोणीतरी आहे. बाईंना ते पटलं. एका आवाजात दोन आवाज, हे त्यांच्या रोजच्या कामातलंच होतं. तडा काठापर्यंत आला असेल तर कपही 'बद्' म्हणायच्या आधी असाच दुहेरी वाजतो. कारखान्यात असं वाजलं की आम्ही म्हणतो तडकलाय, असं त्यांनी सांगितलं.

भिंगरीने थोडा विचार केला.

"म्हणजे आत्या तडकलेली आहे."

नुकताच फेरीवरून आलेला भाऊ आत गणवेशाची बटणं काढत होता. तो म्हणाला, हे त्याला लहानपणापासून माहीत आहे. त्या दिवसापासून घरात जोडाक्षराला तडकलेलं अक्षर म्हणायला लागले. पुस्तक मधेच तडकलं, पत्र शेवटाला तडकलं.

दुसऱ्या शनिवारी वर्गाच्या बाईंनी टिचकीबाईंनाच बोलावलं. भिंगरी बाकावर नखाने काहीतरी वाजवत असते, हे काय आहे, असं त्यांना विचारायचं होतं. कपांची हकीकत ऐकून वर्गाच्या बाईंनी रजिस्टर उघडलं आणि भिंगरीचं नाव शोधलं. मग म्हणाल्या की गाण्याच्या तासाला टाळी नेमकी जागेवर देणारी बरीच मुलं अक्षरांनाही लवकर रुळतात, हे त्यांनी पाहिलंय. सगळीच नाहीत, पण बरीच. भिंगरीचा सूर चांगला, टाळी मात्र सगळ्यांच्या मागून. गाणं येणं वेगळं आणि गाण्यातले तुकडे ऐकू येणं वेगळं, हे त्यांनी बोलता बोलता टेबलावर दोन बोटं वाजवून सांगितलं. आणि शेवटी, रजिस्टर बंद करता करता, "ती चाल माझीच आहे. यरलव मीच पळवते. तास संपत आलेला असतो."

सोमवारी त्यांनी ती ओळ वर्गाकडून सावकाश म्हणून घेतली. तीन मुलांनी विचारलं, बाई, हे नवीन गाणं का.

शेवटच्या बुधवारी टिचकीबाईंनी पाळी सुटल्यावर डबा तसाच हातात घेऊन शाळा गाठली. मुलांना दुपारी एकेक करून आत घेत होते. भावजयीला दुकानातून सुट्टी मिळाली नव्हती. भिंगरीचा नंबर तीन वाजून दहा मिनिटांनी आला. दार लोटलेलं होतं, आतलं काही दिसत नव्हतं. बाई बाहेरच्या लहान मुलांच्या बाकावर बसल्या, गुडघे पोटाशी. शाळा जवळजवळ रिकामी होती. लांब मैदानावर कोणीतरी चेंडू भिंतीवर मारत होतं, त्याचा आवाज बराच उशिरा पोचत होता. त्यांनी डोळे मिटले.

आधी बाकावर नख वाजलं आणि वर्गाच्या बाई म्हणाल्या, बाक वाजवायचा नाही, बाळ. मग काहीच नाही. मग एक अगदी बारीक आवाज, टिक्, टिक्. बाईंनी तो ओळखायला थोडा वेळ घेतला. भिंगरी नख पुढच्या दातावर वाजवत होती.

"मां. ज. र. मांजर." थांबली. "पा. य. री. पायरी. वर. पायरीवर बसले."

आवाज खडबडीत होता, प्रत्येक शब्दाला ठेच लागत होती. बाईंनी श्वास सोडला. इतका ओबडधोबड आवाज भिंगरीने पुस्तक हातात घेऊन कधी काढला नव्हता.

दुसरी ओळ सुरू व्हायला वेळ लागला.

"हे तडकलेलं आहे," भिंगरी आत म्हणाली.

"काय आहे?"

"पहिलं. त... त्या. त्याला. त्याला दू... र. दूर गाडी दिसली."

तिसऱ्या ओळीत गाडी रस्त्यावर थांबली. रस्त्यावर थांबायला गाडीला जवळजवळ एक मिनिट लागलं, कारण रस्ताही तडकलेला होता. पण ती थांबली. चेंडूचा आवाज बंद झाला होता.

"आतून," भिंगरीने वाचलं. "आ. जो. बा. आजोबा."

आणि एकाएकी आवाज गुळगुळीत झाला. ठेचा गेल्या, दातावरची टिकटिक गेली, चाल आली. आजोबा आले, दारात बसले, पिशवीतून काय काय काढले. पुस्तकातला एकविसाव्या पानावरचा धडा तो. बाहेर बाकावर टिचकीबाईंचे डोळे उघडले. कुठल्याही फळीवर, कुठल्याही सकाळी हा आवाज त्यांनी बाजूला काढला असता. त्यांना आत जाता येत नव्हतं आणि जाऊन करण्यासारखंही काही नव्हतं.

धड्याच्या मधेच आवाज तुटला.

"बोट संपलं," भिंगरी म्हणाली. मग जरा वेळाने, "हे मी म्हटलं. वाचलं नाही."

आत खुर्ची सरकली. पुन्हा एकदा 'आतून आजोबा' ऐकू आलं, खडबडीत, आणि नंतरच्या शब्दाशी दात बराच वेळ वाजत राहिला. उ आणि त तिला सापडले. तेवढ्यात नेमून दिलेली पाच मिनिटं संपली आणि पुढच्या मुलाला हाक आली.

निकाल त्याच दुपारी सांगायची पद्धत होती, पालक उभे असतील तर. वर्गाच्या बाईंनी टिचकीबाईंना दारात घेतलं. रजिस्टरात चार ओळींचे चार चौकोन होते, तीनांत खूण होती आणि चौथा मोकळा होता.

"नियमात चार आहेत," त्या म्हणाल्या. "तिच्या झाल्या तीन. पण आज सव्वीस मुलं वाचून गेली. त्यातली काही चारही ओळी अंदाजाने म्हणून गेली आणि त्यांना ते कळलंही नाही. हिला कळलं."

"म्हणजे?"

"म्हणजे मी वर पाठवतेय. अटीवर. सत्र संपायला शाळेचे पाच दिवस आहेत, पाचही दिवस जादा तासाला यायचं. मुख्याध्यापकांना मी सांगते."

टिचकीबाईंनी अट पुन्हा एकदा विचारून घेतली, कारण घरी ती जशीच्या तशी सांगावी लागणार होती. भिंगरी तोवर बाहेर येऊन बाकाभोवती फिरत होती. उतरले हा शब्द तिला दारातून बाहेर पडता पडता सापडला होता आणि तो तिने चार वेळा सांगितला.

संध्याकाळी भावजयीने सगळं दोनदा ऐकलं. मुलगी वर जाणार हे पहिल्या वेळेला, अट दुसऱ्या वेळेला. 'हे मी म्हटलं, वाचलं नाही' हे वाक्य तिने तिसऱ्यांदा विचारलं, नेमके हेच शब्द का, म्हणून. सकाळी टिचकीबाईंची पाळी, भावाची पहिली फेरी, तेव्हा जादा तासाला पोचवायचं काम तिच्याकडेच येत होतं. तिने दुकानात फोन करून सांगितलं की पाच दिवस ती सव्वाआठला येईल.

जादा तास खोली क्रमांक चारमध्ये आहे. शाळेचं फाटक उद्या साडेसातला उघडेल, तास सात चाळीसला सुरू होईल, आणि पेन्सिल घरून आणायची आहे.